फूस कोणी लावली?

भारतीय संसदेने १९५६ साली एक छोटासा कायदा केला. क्रमांक ९३, नाव यंग पर्सन्स हार्मफुल पब्लिकेशन्स अ‍ॅक्ट. मुलांना बिघडवणारं छापील साहित्य रोखण्यासाठीचा हा कायदा. त्याच्या लेखी 'यंग पर्सन' म्हणजे वीस वर्षांच्या आतलं कुणीही. असं साहित्य विकलं, भाड्याने वाचायला दिलं, वाटलं, तर सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दंड किंवा दोन्ही.

गंमत आहे ती घातक साहित्याच्या व्याख्येत. चित्रांच्या मदतीने, चित्रांशिवाय किंवा निव्वळ चित्रांतून सांगितलेल्या गोष्टी. त्यांत गुन्हे, हिंसा किंवा क्रौर्य, नाहीतर किळसवाणे आणि भयंकर प्रसंग रंगवलेले. आणि एकूण परिणाम असा की वाचणारं पोर बिघडावं. आता १९५६ साली आपल्याकडे इंद्रजाल कॉमिक्स नव्हती, अमर चित्र कथा नव्हती. 'निव्वळ चित्रांतून सांगितलेल्या गोष्टीं'चा इतका धसका कायदा करणाऱ्यांनी कशावरून घेतला? मराठी घरांत तेव्हा 'चांदोबा' येत होता. कायद्याची भाषा शब्दशः धरायची तर स्मशानातलं प्रेत खांद्यावर टाकून चालणाऱ्या विक्रम राजालाच पहिला पिंजऱ्यात उभा करावा लागला असता.

या व्याख्येचा माग काढत गेलं की आधी लंडन लागतं. ब्रिटिश पार्लमेंटने त्याच्या एकच वर्ष आधी, १९५५ मध्ये, चिल्ड्रन अँड यंग पर्सन्स हार्मफुल पब्लिकेशन्स अ‍ॅक्ट केला होता. दोन्ही मजकूर शेजारी ठेवून वाचावेत. तेच तीन प्रकार, त्याच क्रमाने. आणि लंडनमध्ये जी घबराट उडाली होती, तिच्यामागे अमेरिकेतली त्याहून मोठी घबराट होती. तिचं धर्मपुस्तक म्हणावं असं एक पुस्तक न्यूयॉर्कच्या राइनहार्ट या प्रकाशनसंस्थेने १९५४ च्या वसंतात बाजारात आणलं : 'सिडक्शन ऑफ द इनोसंट'. निष्पाप मुलांना लावलेली फूस. लेखक डॉ. फ्रेडरिक वर्थम, मानसोपचारतज्ज्ञ.

कॉमिक्सवर आजवर लिहिल्या गेलेल्या पुस्तकांत एवढा परिणाम दुसऱ्या कुठल्याही पुस्तकाने केला नाही, असं मी बिनदिक्कत म्हणेन. एक अख्खा धंदा त्याने मोडकळीला आणला. आणि त्या पुस्तकात तळटीपा नव्हत्या, संदर्भ नव्हते. कोणतं मूल कधी, कुणासमोर, काय म्हणालं हे पडताळून पाहायची सोयच नव्हती. डॉक्टर सांगतात म्हणजे खरंच असणार, एवढ्या भांडवलावर ते चाललं.

आधी धंदा केवढा होता ते पाहू. दुसऱ्या महायुद्धानंतरच्या अमेरिकेत दहा सेंटांना मिळणाऱ्या या पातळ, रंगीत पुस्तिकांच्या महिन्याला कोट्यवधी प्रती खपत. टीव्ही अजून घरोघरी पोचायचा होता. जवळजवळ प्रत्येक मूल कॉमिक्स वाचत होतं, आणि वाचून झाल्यावर दुसऱ्याशी अदलाबदल करत होतं. सुपरमॅन-बॅटमनची पहिली लाट ओसरून गुन्हेकथा, प्रेमकथा आणि पुढे भयकथांचा जमाना आला होता. यातलं बरंचसं साहित्य भिकार होतं, हे मान्य करायला हरकत नाही. काही विलक्षण देखणं होतं. विल्यम गेन्स या तरुण मालकाच्या ईसी कॉमिक्समधून 'टेल्स फ्रॉम द क्रिप्ट'सारखी नियतकालिकं निघत. त्यांतली चित्रं आज पाहिली तरी हात कसलेला आहे हे कळतं. आणि गोष्टी? बायको नवऱ्याचा काटा काढते, नवरा थडग्यातून उठून हिशेब चुकता करतो, अशा.

डेव्हिड हेडू या पत्रकाराने २००८ मध्ये 'द टेन-सेंट प्लेग' हे पुस्तक लिहून त्या काळातल्या चित्रकार-लेखकांच्या आठवणी गोळा केल्या. हे काम करणाऱ्यांत ज्यू होते, इटालियन होते, स्थलांतरितांची पोरं होती, बायका होत्या, काही काळे चित्रकार होते. प्रतिष्ठित मासिकांची दारं त्यांना बंद होती, म्हणून ती मंडळी इथे आली. पुस्तकाच्या शेवटी हेडूने नावांची एक यादी दिली आहे. १९५० च्या दशकातल्या पडझडीनंतर ज्यांनी पुन्हा कधी कॉमिक्समध्ये काम केलं नाही अशी आठशेहून जास्त नावं. पानामागून पान नुसती नावं. इतक्या कोरड्या पानांनी मला क्वचितच थांबवलं असेल.

पडझड एका दिवसात झाली नाही. वेस्ट व्हर्जिनियातल्या स्पेन्सर गावात १९४८ च्या ऑक्टोबरात शाळकरी मुलांनी कॉमिक्सचा ढीग रचून पेटवला. मोठी माणसं कौतुकाने उभी होती. त्याच वर्षी अखेरीस न्यूयॉर्क राज्यातल्या बिंगहॅम्टनला तेच झालं. बर्लिनमध्ये नाझींनी पुस्तकांच्या होळ्या केल्या त्याला तेव्हा जेमतेम पंधरा वर्षं झाली होती, आणि त्या नाझींशी लढून परतलेल्या बापांचीच ही मुलं होती. वर्थम यांचा आवाज नियतकालिकांतून ऐकू येऊ लागला तोही याच वर्षी. मार्चमध्ये 'कॉलियर्स'मध्ये त्यांच्या मतांवर मोठा लेख आला. मेमध्ये 'सॅटर्डे रिव्ह्यू'मध्ये त्यांनी स्वतः लिहिलं. सांगणं सरळ होतं. माझ्याकडे येणारी बिघडलेली मुलं कॉमिक्स वाचतात, तेव्हा कॉमिक्स मुलांना बिघडवतात.

यातली खोट तेव्हाही दिसली होती. न्यूयॉर्क विद्यापीठातले समाजशास्त्रज्ञ फ्रेडरिक थ्रॅशर यांनी १९४९ मध्येच शिक्षण-समाजशास्त्राच्या एका नियतकालिकात लेख लिहून विचारलं होतं, की कॉमिक्स हे कारण आहे की बळीचा बकरा? शहाण्या, गुणी मुलांचा गट शेजारी ठेवून तुलना केल्याशिवाय असलं विधान करता येत नाही. सगळीच मुलं कॉमिक्स वाचत असतील तर सुधारगृहातली मुलंही वाचणारच. थ्रॅशर यांचा लेख अभ्यासकांनी वाचला. वर्थम यांचं म्हणणं आयांनी वाचलं.

*

इथे वर्थम यांना खलनायक करून मोकळं होता आलं असतं तर काम सोपं झालं असतं. कॉमिक्सप्रेमींनी कित्येक दशकं तेच केलं. पण माणूस तेवढा साधा नव्हता.

जन्म १८९५, जर्मनीतला. मूळ आडनाव वर्थाइमर. म्युनिकमध्ये एमिल क्रेपलिन यांच्याकडे उमेदवारी करून १९२२ मध्ये ते अमेरिकेत बाल्टिमोरला आले आणि पुढे न्यूयॉर्कला. कोर्टात आरोपींच्या मानसिक तपासणीचं काम त्यांनी वर्षानुवर्षं केलं. मनोरुग्णाला फाशी देऊ नये असं साक्षीच्या पिंजऱ्यातून ठणकावून सांगणारे ते डॉक्टर होते. आणि १९४६ मध्ये त्यांनी हार्लेममध्ये, सेंट फिलिप्स चर्चच्या इमारतीच्या तळघरात एक दवाखाना उघडला. कार्ल मार्क्सचे जावई, क्यूबात जन्मलेले डॉक्टर पॉल लाफार्ग यांचं नाव त्याला दिलं. आठवड्यातून दोन संध्याकाळी तो चाले. डॉक्टर, समाजसेवक सगळे बिनपगारी. फी पंचवीस सेंट, तीही ज्याला परवडेल त्याने द्यायची. काळ्या माणसाला मनाचा आजार होऊ शकतो हेच मानायला जिथे बडी इस्पितळं तयार नव्हती, तिथे रिचर्ड राइटसारखा कादंबरीकार या तळघरासाठी झटत होता आणि राल्फ एलिसनने त्याच्यावर लेख लिहिला.

पुढची गोष्ट आणखी मोठी आहे. डेलावेअर राज्यातल्या काळ्या पालकांनी गोऱ्यांच्या शाळेत आपल्या मुलांना प्रवेश मिळावा म्हणून खटला भरला, तेव्हा वकिलांनी वर्थम यांना गाठलं. विल्मिंग्टनची काळी-गोरी मुलं आगगाडीने हार्लेमला आणली गेली. वर्थम आणि सहकाऱ्यांनी त्यांना तपासलं, त्यांच्याशी बोलले, आणि १९५१ मध्ये वर्थम यांनी कोर्टात साक्ष दिली की वेगळी शाळा ही मुलांच्या मनाला रोज होणारी इजा आहे; शाळेची इमारत कितीही चांगली बांधली तरी ती भरून येत नाही. न्यायाधीश कॉलिन्स सेट्झ यांनी १९५२ मध्ये काळ्या मुलांना ताबडतोब प्रवेश द्यायचा हुकूम केला. ज्या पाच खटल्यांचा मिळून पुढे 'ब्राउन विरुद्ध बोर्ड ऑफ एज्युकेशन' झाला, त्यांत खालच्या कोर्टात काळ्या मुलांच्या बाजूने लागलेला निकाल हा एकच. सर्वोच्च न्यायालयाने शाळांमधला वर्णभेद १७ मे १९५४ रोजी घटनाबाह्य ठरवला. 'सिडक्शन' तेव्हा दुकानांत येऊन काही आठवडेच झाले होते.

म्हणजे एकच डॉक्टर, तीच वर्षं, आणि बऱ्याच अंशी तशाच गरीब वस्त्यांतली मुलं. एकीकडे त्याने दिलेल्या साक्षीने एका अन्यायी व्यवस्थेचा पाया खचायला मदत झाली. दुसरीकडे काय झालं ते पुढे येतं.

*

अमेरिकी सिनेटच्या बालगुन्हेगारीविषयक उपसमितीने १९५४ च्या एप्रिलमध्ये न्यूयॉर्कला सुनावणी घेतली. २१ एप्रिलला वर्थम आणि गेन्स दोघांच्याही साक्षी झाल्या. वर्थम म्हणाले, या धंद्यापुढे हिटलर नवशिका होता. जर्मनीत जन्मलेल्या माणसाच्या तोंडी हे वाक्य आलं म्हटल्यावर कुणी हसण्याचा प्रश्नच नव्हता.

गेन्स स्वतःहून साक्षीला आले होते. तो आगाऊपणा त्यांना महागात पडला. सिनेटर एस्टेस केफॉवर यांनी 'क्राइम सस्पेनस्टोरीज'च्या २२ व्या अंकाचं मुखपृष्ठ वर धरलं. एका हातात कुऱ्हाड, दुसऱ्या हातात केसांना धरलेलं बाईचं तुटलेलं मुंडकं. हे तुम्हाला सुरुचीत बसतं का? गेन्स म्हणाले, भयकथेच्या मुखपृष्ठासाठी, हो, बसतं. मुंडकं आणखी वर धरून मानेतून गळणारं रक्त दाखवलं असतं तर बसलं नसतं. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रांनी हे संभाषण उचललं आणि कॉमिक्सच्या बाजूने बोलायला कुणी उरलं नाही. मला मात्र हे उत्तर वाचताना नेहमी वाटतं, की त्या दालनात चित्र चित्र म्हणून पाहणारा तो एकटाच होता. चौकट कुठे कापायची हा चित्रकाराचा खरा प्रश्न असतो, आणि त्याने तोच प्रामाणिकपणे सांगितला. फक्त ती जागा चुकीची होती.

सरकारने कायदा करण्याआधी प्रकाशकांनीच संघटना काढून ऑक्टोबर १९५४ मध्ये स्वतःवर नियम लादून घेतले : कॉमिक्स कोड. न्यूयॉर्कचे मॅजिस्ट्रेट चार्ल्स मर्फी हे त्याचे पहिले प्रमुख. एमी नायबर्ग यांच्या 'सील ऑफ अप्रूव्हल' या १९९८ च्या पुस्तकात या नियमांची जन्मकथा आहे. नावात 'हॉरर' किंवा 'टेरर' नको. रक्तपिपासू, नरभक्षक, चालती प्रेतं नकोत. प्रत्येक गोष्टीत दुष्टांचा पराभव हवा. पोलीस, न्यायाधीश, सरकारी अधिकारी यांच्याबद्दल अनादर वाटेल असं काही दाखवू नका. शेवटच्या नियमाचा भयकथांशी संबंध काय, असं विचारायचं नाही.

आणि मग हे घडलं. गेन्स यांनी एक जुनी विज्ञानकथा पुन्हा छापायला घेतली. नारिंगी आणि निळे यंत्रमानव असलेला एक ग्रह. निळ्यांना बसमध्ये मागे बसावं लागतं, वस्ती वेगळी, काम हलकं. पृथ्वीवरून आलेला तपासनीस ठरवतो की हा ग्रह अजून पृथ्वीच्या संघात यायला लायक नाही, आणि परत जाताना शिरस्त्राण काढतो. तो काळा माणूस आहे. मर्फी यांनी त्या काळ्या माणसालाच हरकत घेतली. गेन्स अडून बसले, भांडले, आणि १९५६ च्या सुरुवातीच्या अंकात गोष्ट जशीच्या तशी छापून कॉमिक्सच्या धंद्यातून उठले. उरलं ते 'मॅड', कारण त्याचं त्यांनी आधीच मासिक केलं होतं आणि मासिकाला कोड लागू नव्हता. वर्थम यांनी आयुष्य वर्णद्वेषाशी लढण्यात घालवलं, आणि त्यांनी पेटवलेल्या मोहिमेतून जन्मलेल्या व्यवस्थेने पहिल्या फटक्यात काय पुसायला घेतलं, तर कॉमिक्समधला काळा अंतराळवीर. त्यांना स्वतःला हा कोड पसंत नव्हता, हेही नोंदवलं पाहिजे. त्यांची मागणी पंधरा वर्षांखालच्या मुलांना ही कॉमिक्स विकू नयेत एवढीच होती. मोठ्यांनी काय वाचावं याच्याशी त्यांना देणंघेणं नव्हतं.

*

ब्रिटनचा किस्सा वेगळा आणि, खरं सांगायचं तर, जास्त मजेदार आहे. मार्टिन बार्कर यांनी १९८४ मध्ये 'अ हाँट ऑफ फीअर्स' हे पुस्तक लिहिलं. ब्रिटिश मोहिमेचा उगम शोधताना त्यांना आढळलं की तिच्या मुळाशी कम्युनिस्ट पक्षाचे शिक्षक-कार्यकर्ते होते. अमेरिकी संस्कृतीच्या आक्रमणाला विरोध हा त्यांचा खरा मुद्दा. पण लोकांपुढे जाताना पक्षाचं नाव झाकून ठेवलं आणि मुलांच्या भल्याचा मुद्दा पुढे केला. इकडे अमेरिकेत नेमकं त्याच सुमारास गेन्स आपल्या अंकांत जाहिरात छापत होते, की कॉमिक्सवर बंदी मागणारे हे कम्युनिस्टांच्या हातातलं खेळणं आहेत. त्यांनी ती थट्टेत छापली होती. समुद्रापलीकडे ती निम्मी खरी निघाली.

ग्लासगोच्या गॉर्बल्स भागात सप्टेंबर १९५४ मध्ये शेकडो पोरं संध्याकाळी दफनभूमीत घुसली. हातात काठ्या, काहींच्या हातात सुऱ्या, बरोबर कुत्री. लोखंडी दातांचा सात फुटी पिशाच दोन मुलांना खाऊन तिथे लपला आहे, अशी आवई होती. एकही मूल हरवलेलं नव्हतं. पोलीस आले, शाळेचे मुख्याध्यापक आले, पाऊस आला, तेव्हा कुठे पोरं घरी गेली. वर्तमानपत्रांनी आणि पुढाऱ्यांनी निदान करून टाकलं : अमेरिकी भयकथा. ही घटना पुढे पार्लमेंटमधल्या कायद्याच्या मागणीला बळ देत राहिली.

सँडी हॉब्ज आणि डेव्हिड कॉर्नवेल या संशोधकांनी नंतर या प्रकरणाची लोककथांच्या अंगाने छाननी केली. ग्लासगोतल्या मुलांनी अशा 'शिकारी' त्याआधी, १९३० च्या दशकातही केल्या होत्या. तेव्हा अमेरिकी भय-कॉमिक्स जन्मलेलीच नव्हती. लोखंडी दातांची जेनी ही बागुलबाई एका जुन्या स्कॉटिश कवितेत होती. बायबलात, दानिएलच्या सातव्या अध्यायात, लोखंडी दातांचा पशू होताच. तेव्हा कॉमिक्स नसती तरी ही गोष्ट त्या पोरांपर्यंत पोचायला वाटा होत्या, आणि त्यांतल्या दोन तर शाळा नि चर्चमधून जात होत्या.

*

आता टिली. या सगळ्या प्रकरणातली माझी आवडती व्यक्ती.

वर्थम १९८१ मध्ये वारले. त्यांची कागदपत्रं वॉशिंग्टनच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसकडे गेली आणि २०१० मध्ये अभ्यासकांना सर्रास खुली झाली. दोनशेहून अधिक खोके. इलिनॉय विद्यापीठात ग्रंथालयशास्त्र शिकवणाऱ्या कॅरॉल टिली तिथे गेल्या त्या वर्थम यांना उघडं पाडायला नव्हेच. ग्रंथपाल आणि शिक्षकांनी वर्थम यांना काय लिहिलं, त्यांच्यात काय पत्रव्यवहार झाला, हा त्यांचा विषय होता. पण खोक्यांत मुलांच्या मूळ नोंदी होत्या : टाइप केलेली टिपणं, गटचर्चांचे तपशील, सहकाऱ्यांचे अहवाल. टिली यांनी त्या पुस्तकाशी ताडून पाहायला सुरुवात केली. २०१२ मध्ये 'इन्फर्मेशन अँड कल्चर' या नियतकालिकात त्यांचा निबंध आला.

डॉरथी नावाने पुस्तकात येणारी तेरा वर्षांची मुलगी घ्या. शाळा बुडवते, कॉमिक्स वाचते, जंगलातल्या दणकट नायिका तिला आवडतात. वाचणाऱ्याने एक अधिक एक दोन करावेत अशी मांडणी. मूळ नोंदींत ती एका टोळीत होती, घरातून पळून गेलेली होती, लैंगिक अनुभवांतून गेलेली होती. पुस्तकात यातलं काही नाही. बॅटमन आणि रॉबिन यांची जोडी म्हणजे समलिंगी स्वप्न, हा वर्थम यांचा सर्वात गाजलेला दावा. त्याच्या पुराव्यादाखल एका तरुणाचं मोठं निवेदन येतं. नोंदींत तो एक तरुण नाहीच. सोळा आणि सतरा वर्षांचे दोघे आहेत, एकमेकांचे जोडीदार, आणि दोघांची वाक्यं एकाच्या तोंडी घातलेली आहेत. टारझन आणि सब-मरिनर आपल्याला जास्त भावतात, असंही त्यांनी सांगितलं होतं. ते गाळलं.

अशी पानंच्या पानं. कुठे दोन मुलांचं एक केलं, कुठे एकाच मुलाचे दोन केले. वयं बदलली. दुसऱ्या डॉक्टरने तपासलेलं मूल आपण पाहिल्यासारखं लिहिलं. घरातली मारहाण, दारिद्र्य, टोळ्या हे मागे सारून कॉमिक्स पुढे आणलं. टिली यांची भाषा संयत आहे. निबंधाच्या शीर्षकात मात्र त्यांनी 'बनावटीकरण' हाच शब्द वापरला आहे, आणि तो योग्य आहे.

बार्ट बीटी यांनी २००५ मध्ये, या निबंधाच्या सात वर्षं आधी, वर्थम यांची बाजू समजून घेणारं पुस्तक लिहिलं होतं. वर्थम यांना सनातनी, संस्कृतिरक्षक समजू नका, ते डाव्या विचाराचे सुधारक होते. आकडेवारीपेक्षा प्रत्येक रुग्णाची कहाणी त्यांना महत्त्वाची वाटे, म्हणूनच माध्यमांचा अभ्यास करणाऱ्यांनी पुढे त्यांना बाजूला सारलं, असं बीटी यांचं म्हणणं. हे मला आजही पटतं. टिली यांच्या शोधाने ते खोटं पडत नाही, उलट जास्त बोचरं होतं. जो प्रत्येक मुलाची कहाणी मोलाची मानतो, त्यानेच त्या कहाण्या कापून-जोडून वापरल्या. वर्थम यांचे काही मुद्दे तर खरेच होते. जंगलकथांतले काळे लोक माकडासारखे रंगवलेले असत. आतल्या पानांवर मुलांना हवेच्या बंदुका आणि सुऱ्या विकणाऱ्या जाहिराती होत्या. हे सगळं त्यांनी हेरलं होतं, आणि त्यासाठी एकाही मुलाचं वय बदलायची गरज नव्हती.

मग त्यांनी असं का केलं असेल? हेतू चांगला आहे ही खात्रीच त्यांना नडली असं मी म्हणेन. विल्मिंग्टनच्या खटल्यात समोर उलटतपासणी घेणारा वकील होता; एकेक वाक्य तोलून बोलावं लागत होतं. पुस्तकात तसा कुणी नव्हता. संपादकाने विचारलं नाही, परीक्षण लिहिणाऱ्यांतल्या बहुतेकांनी विचारलं नाही. आणि समाजाला ऐकायचं होतं तेच कानावर येत होतं. हार्लेमच्या पोराचं काय बिघडलंय याचं उत्तर 'घरभाडं, शाळा आणि पोलीस' असं असेल तर पैसे लागतात, राजकारण लागतं. उत्तर 'दहा सेंटांचं पुस्तक' असेल तर एक काडी पुरते.

टिली यांनी याच काळातली मुलांची पत्रंही अभ्यासली आहेत. कॉमिक्स वाचवा म्हणून सिनेटला, आणि वर्थम यांनाही, मुलांनी पत्रं लिहिली होती. काही अतिशय मुद्देसूद. ज्यांच्या नावाने हे सगळं चाललं होतं त्यांचं म्हणणं पोस्टाने आलं, फाइलला लागलं आणि जवळजवळ साठ वर्षं खोक्यात राहिलं.

*

मुंबईत टाइम्स ऑफ इंडियाच्या घरातून मार्च १९६४ मध्ये इंद्रजाल कॉमिक्स सुरू झालं. १९५६ च्या कायद्याला तेव्हा सात वर्षं होऊन गेली होती, पण त्यातल्या वेताळाच्या, म्हणजे मूळ अमेरिकी फँटमच्या, कवटीच्या अंगठीने जबड्यावर उमटणाऱ्या खुणा कुणाला 'किळसवाण्या आणि भयंकर' वाटल्याचं दिसत नाही. इथली कात्री दुसरीकडेच चालली. मूळ मालिकेत वेताळाचा देश बंगालची आठवण करून देणाऱ्या नावाचा होता. तो 'डेंकाली' झाला. सिंग चाचे 'सिंगा' झाले. वेताळाच्या बापाचा खून करणारा रामा 'रामालू' झाला. अमेरिकी आईला तुटलेल्या मुंडक्याची भीती होती. भारतीय संपादकाला भीती होती ती नावाची. कुणाची जात, कुणाचा धर्म, कुणाचा प्रांत दुखावेल ही.

त्यामुळे आपल्याकडच्या चित्रकथांवर जेव्हा अभ्यासू पुस्तकं आली तेव्हा त्यांचा प्रश्नही वेगळा होता. अनंत पै यांनी १९६७ मध्ये सुरू केलेल्या अमर चित्र कथेवर नंदिनी चंद्रा यांचं पुस्तक २००८ मध्ये आलं, कार्लीन मॅक्लेन यांचं २००९ मध्ये. मुलं बिघडतील का, हे दोघींनीही विचारलेलं नाही. इतिहासातल्या कुणाला नायक केलं, कुणाला उजळ रंगवलं आणि कुणाला सावळं, बाईचं शरीर कसं दाखवलं, कुठला धर्म म्हणजे 'भारत' ठरला, हे त्या विचारतात. मराठी वाचकाला यात आपलेपणाने बघण्यासारखं बरंच आहे, कारण त्या चौकटी काढणारे हात बऱ्याचदा आपल्याकडचे होते : राम वाईरकर, प्रताप मुळीक. वसंत सरवटे यांनी व्यंगचित्राची रेषा कशी वाचायची ते मराठीला शिकवलं. चित्रकथेच्या वाट्याला तेवढा बारकाईचा वाचक अजून यायचा आहे.

अमेरिकेत कोडची पकड हळूहळू सुटत गेली. १९७१ मध्ये अमली पदार्थांविरुद्धची स्पायडरमॅनची एक गोष्ट, खुद्द सरकारी आरोग्य खात्याच्या विनंतीवरून लिहिलेली, कोडने नाकारली आणि मार्व्हलने ती शिक्क्याशिवाय छापली. २०११ च्या जानेवारीत डीसी आणि आर्ची या शेवटच्या दोन प्रकाशकांनीही शिक्का सोडला.

वर्थम यांनी १९७३ मध्ये कॉमिक्सच्या चाहत्यांनी घरगुती छपाईने काढलेल्या अंकांवर एक पुस्तक लिहिलं, 'द वर्ल्ड ऑफ फॅनझिन्स'. प्रेमाने लिहिलं आहे. मुलं स्वतः लिहितात, काढतात, छापतात, एकमेकांना पाठवतात, याचं त्यांना मनापासून कौतुक वाटलं. त्यानंतर न्यूयॉर्कच्या कॉमिक्स मेळाव्यात त्यांना बोलावणं आलं आणि ते गेले. श्रोत्यांनी त्यांची हुर्यो उडवली. कॉमिक्सवर त्यांनी पुन्हा लिहिलं नाही.

'सिडक्शन'चंही पुढे एक झालं. छपाई पूर्ण झाल्यावर प्रकाशकाला भीती वाटली की शेवटच्या पानावरची यादी, ज्यात कॉमिक्स प्रकाशकांची नावं होती, ती खटले ओढवून घेईल. म्हणून बांधलेल्या प्रतींतून ते पान कापून टाकलं. काही प्रती कात्रीतून सुटल्या. आज संग्राहक पान शाबूत असलेल्या प्रतीला जास्त पैसे मोजतात. आणि जुन्या कॉमिक्सच्या किमती सांगणाऱ्या ओव्हरस्ट्रीटच्या मार्गदर्शिकेत ठरावीक अंकांपुढे वर्थमच्या पुस्तकाची खूण असते : यातलं चित्र किंवा उल्लेख 'सिडक्शन'मध्ये आहे. त्या खुणेने अंकाचा भाव चढतो.